स्तामेन घरी आला

मेलेला माणूस रोज घरी येतो, ही गोष्ट एखाद्या म्हातारीने सांगितली तर लोक डोळे मोठे करून ऐकतात. तीच गोष्ट सोसायटीच्या सेक्रेटरीच्या कारकिर्दीत घडली की लोक राजीनामा मागतात. मी सेक्रेटरी आहे. कसा झालो, तर एका मीटिंगला वेळेवर पोचलो म्हणून. मी आणि पाचव्या मजल्यावरचा कर्नल ग्रोझदान असे दोघेच होतो, आणि बाकीचे येईपर्यंत कर्नलने कागदावर माझं नाव लिहून खाली रेघही मारली होती. तेव्हापासून जिन्यातला दिवा गेला की माझा उद्धार होतो, लिफ्टमध्ये कुणी घाण केली की माझा उद्धार होतो. एवढा उद्धार झाल्यावर माणसाला खरं तर मोक्ष मिळायला हवा. मला मिळालं ते दार.

सुरुवात पेत्रानाच्या बरण्यांपासून झाली. पेत्राना तळमजल्यावर राहते, आणि तळघरात तिची खोली आहे. तशी आमची सगळ्यांचीच आहे. हिवाळ्यासाठी भाजलेल्या मिरच्या, टोमॅटोचा ठेचा, फ्लॉवरचं लोणचं, सगळं तिथे. आमच्या रूसे शहरात माणसाचा पगार चोरीला गेला तर तो पोलिसांकडे जातो. मिरच्या चोरीला गेल्या तर रक्त उसळतं. पेत्रानाच्या भाजलेल्या मिरच्यांचं अख्खं फडताळ कुणीतरी साफ केलं. एरवी मीटिंगला चिटपाखरू येत नाही, त्या दिवशी खुर्च्या कमी पडल्या.

सल्ल्यांना काय तोटा! एक म्हणाला कुत्रा पाळा. पेत्राना म्हणाली दाराच्या मुठीत वीज सोडा. "आणि पोस्टमन मेला तर?" मी विचारलं. "मरू दे," ती म्हणाली, "नाहीतरी बिलंच आणतो मेला." शेवटी तिसऱ्या मजल्यावरच्या कुणाच्या तरी बहिणीच्या इमारतीत तोंड बघून उघडणारं दार बसवल्याचं निघालं. त्यातलं कॅमेऱ्याचं भिंग तोंड ओळखतं, आपला माणूस असेल तर दार उघडतं, आणि सगळ्यांच्या फोनवर निरोप पाठवतं की अमुक घरी आला.

मग कर्नल ग्रोझदान उठला. जुन्या राजवटीत तो नक्की कुठे कर्नल होता हे कुणी विचारत नाही, कारण त्या काळात आमच्या जिन्यावर कोण काय बोललं ते वरपर्यंत कसं पोचायचं, याचा प्रत्येकाला अंदाज आहे. तो म्हणाला, "बघा बुवा, तेव्हा हेच काम करायला सरकार माणसाला पगार द्यायचं. तुम्ही त्यासाठी वर्गणी काढताय." लोक हसले. ठराव एकमताने पास झाला.

दार बसवायला देयान नावाचा इंजिनियर आला. प्रत्येकाने पोर्चमध्ये भिंगासमोर उभं राहून तोंड द्यायचं होतं. पेत्राना पार्लरमधून केस फुलवून आली, आणि दुसऱ्या दिवशी डोकं धुतल्यावर दाराने तिला ओळखच दाखवली नाही. पावसात भिजत, तळघरात उरलेल्या बरण्यांची शपथ घालून, ती दाराला आपण कोण आहोत हे सांगत होती. शिव्या अर्थातच मला.

स्तामेन माझा दोस्त. दुसऱ्या मजल्यावर राहायचा, म्हणजे माझ्या दोन मजले खाली. आयुष्यभर शहराची ट्रॉलीबस चालवली. भिंगासमोर उभा राहून म्हणाला, "लाझार, मी जन्मभर लोकांची तोंडं न बघता दारं उघडली रे. आणि हे तोंड बघितल्याशिवाय उघडत नाही. शिकलेलं दिसतंय."

त्याच्या बायकोला, राइना वहिनीला, हे यंत्र मात्र फार आवडलं, कारण तिचा मुलगा मिलेन स्पेनमध्ये असतो, वालेन्सियाला. त्याने लांबूनच आपला फोन दाराशी जोडून घेतला. "आता तुम्ही घरी आलात की मला कळेल," म्हणाला, "काळजीच नको." वहिनी साऱ्या जिन्यावर सांगत सुटली, माझ्या पोराने दाराला सांगून ठेवलंय म्हणून. पूर्वी तो रोज संध्याकाळी फोन करायचा. सुरुवात ठरलेली, "आई, घरी आहेस का?" मग जेवण, हवा, गुडघे, शेजाऱ्यांच्या भानगडी. आता ती घरी आहे हे त्याला आधीच कळायला लागलं. पहिला प्रश्नच उरला नाही, तर पुढचे कुठून येणार? वाईट पोरगा नाही हो तो. काळजी मिटली, एवढंच.

आमचंही तेच. जिन्यात कुणी भेटलं की "कसं काय" म्हणायचं सोडून "हो, आलात ते बघितलं" म्हणायला लागलो. आपल्याला सगळं ठाऊक आहे म्हटल्यावर विचारायचं काय? माझी बायको नेवेना तर स्वयंपाक करता करता आकाशवाणीसारखी सांगायची, "अहो, कर्नल आला. अहो, तिसऱ्याची सून आली, आज उशीर झाला मेलीला." तीच सून लिफ्टमध्ये भेटली की दोघी छताकडे बघायच्या.

मग बाकाचं प्रकरण झालं. दारासमोर एक बाक होता. त्यावर मी आणि स्तामेन रोज फाशांचा पट मांडून बसायचो. पण डाव रंगला आणि मान वर केली की भिंगाला आमचं तोंड दिसायचं, दार खट्कन उघडायचं, आणि फोनवर, स्तामेन घरी आला. लाझार घरी आला. स्तामेन घरी आला. पेत्राना खिडकीतून ओरडली, "अरे बसा तरी, नाहीतर घरी तरी या!" मीटिंग झाली. बाक हलवायचा ठराव झाला, आणि ठरावाची अंमलबजावणी कोण करणार? सेक्रेटरी. मी आणि स्तामेन, दोघांनी मिळून तो बाक उचलून कचराकुंडीपलीकडे नेऊन टाकला. तिथे बसून बघितलंही एकदा. वासाने फासेसुद्धा पडेनात. "वर ये की," मी म्हणालो. "येतो येतो," तो म्हणाला. थंडी पडली. रोज संध्याकाळी पाव घेऊन आला की फोनवर दिसायचंच, स्तामेन घरी आला. मला वाटायचं, बरा आहे.

मार्चमध्ये एका सकाळी मी दूध आणायला खाली उतरलो, आणि पोर्चच्या खांबावर स्तामेन होता.

आमच्याकडे माणूस गेला की काळ्या चौकटीचा कागद छापतात. वर फोटो, खाली नाव आणि दोन ओळी. इमारतीच्या खांबावर, बसथांब्यावर, झाडावर लावतात. चाळीस दिवसांनी नवा, सहा महिन्यांनी नवा, वर्षाला नवा. लावलेला कागद कुणी काढत नाही. ऊन-पाऊस काय करेल ते करेल. तर माझा दोस्त गेला हे मला दोन मजल्यांवरून कळलं नाही, कागदावरून कळलं. हृदय बंद पडलं, झोपेत. मी दुधाची रिकामी बाटली हातात धरून तिथेच उभा राहिलो आणि रडलो. दार माझ्यासाठी उघडत होतं, मिटत होतं, उघडत होतं.

अंत्ययात्रा झाली, त्याच्या नावाने उकडलेला गोड गहू वाटून झाला. लोक आपापल्या घरी गेले, आणि सगळ्यांचे फोन एकदम वाजले. स्तामेन घरी आला.

कागद बरोब्बर भिंगाच्या समोर होता ना! आमच्या जिन्यातले सगळे गेलेले लोक त्याच खांबावर लागत आले. खांब आधीचा, भिंग नंतरचं. मधून कुणी चाललं की फोटो झाकला जायचा, माणूस पुढे गेला की पुन्हा दिसायचा, आणि भिंगाला वाटायचं, हा आलाच. पेत्रानाने छातीवर क्रूस काढला. "चाळीस दिवस आत्मा घराभोवती फिरतो," ती म्हणाली, "आपल्याला दिसत नाही, यंत्राला दिसतो."

"फिरू दे ना," कर्नल म्हणाला, "पण तो फिरताना दार उघडतो, आणि मागून कोणीही आत येतं. सेक्रेटरी, बंदोबस्त करा."

मी दार बसवणाऱ्या कंपनीला फोन केला. बाई फार गोड बोलली. "चेहरा पुसायचा असेल तर ज्याचा चेहरा आहे त्यानेच भिंगासमोर उभं राहून संमती मागे घ्यायची असते."

"बाई, तो वारलाय."

"अरेरे. पण आमच्याकडे तर दिसतंय की ते आत्ताच घरी आलेत."

मग मी लोकांच्या खाजगी माहितीचं रक्षण करणाऱ्या सरकारी कचेरीत गेलो. साहेबाने सगळं ऐकून घेतलं आणि म्हणाला, "कायदा जिवंत माणसांसाठी आहे. मृताला खाजगी असं काही नसतं."

"मग त्याचा चेहरा कोणाचा?"

"कोणाचाच नाही."

"मग मी पुसतो."

"तुम्ही कसा पुसणार? तो तुमचाही नाही."

मी बाहेर येऊन पायरीवर बसलो. असं उत्तर ऐकायला मी पांढरा सदरा घालून, दोन बस बदलून गेलो होतो.

आणि त्याच आठवड्यात पुन्हा चोरी झाली. या खेपेला कर्नलचं लोणचं. स्तामेन घरी आला, त्याच्या मागून चोर घरी आला. म्हणजे बाक गेला, शेजार गेला, वर्गणी गेली, आणि लोणचंही गेलं. जिन्यात मला घेराव पडला. "कागद फक्त वीतभर खाली घ्या," सगळे म्हणाले, "राइनाला विचारा. तुमचं ऐकेल ती." घरचं झालं थोडं, व्याह्याने धाडलं घोडं! मित्राच्या विधवेला जाऊन सांगायचं, तुमच्या नवऱ्याला जरा खाली घेऊ का?

वहिनीने दार उघडलं. काळे कपडे, डोक्याला काळा रुमाल, पण चेहऱ्यावर तरतरी होती, हे मला जरा खटकलं. कॉफी ठेवली. मी इकडचं तिकडचं बोललो, घसा खाकरला, आणि मुद्द्यावर यायला तोंड उघडलं तोच तिचा फोन वाजला. तिने असा झडप घालून उचलला की कॉफी सांडली.

"आई!" मिलेनचा आवाज मला समोरच्या खुर्चीत ऐकू येत होता. "अगं काढ ना तो कागद! मी इथे कामावर असतो आणि बाबा घरी आले, बाबा घरी आले! मला नाही सहन होत गं."

"काढते रे राजा. उद्या काढते. जेवलास का?"

"आई, काल पण तू उद्याच म्हणालीस."

"गुडघ्यामुळे उतरवत नाही रे. काय जेवलास?"

"भात... माशाचा भात केला होता."

"कोणी केला? तू केलास? मीठ बरोबर पडलं का?"

आणि तो सांगायला लागला. मिठाचं सांगितलं, खोलीच्या भाड्याचं सांगितलं, मालकिणीच्या मांजराचं सांगितलं. मग बाबांची आठवण निघाली आणि दोघं रडली, मोठमोठ्याने रडली. मी सांडलेल्या कॉफीकडे बघत बसलो. फोन ठेवल्यावर वहिनीने रुमालाने डोळे पुसले. "रोज करतो आता," म्हणाली. "कधी कधी दोनदा. तुम्ही कशासाठी आला होतात, भाऊजी?"

"काही नाही," मी म्हणालो, "सहजच."

खाली जाऊन सांगितलं, वहिनी तयार नाही. लोकांनी मला बुळा म्हटलं, बायकोच्या देखत म्हटलं. मी ऐकून घेतलं. एरवी मी इतकं ऐकून घेणारा नाही, पण त्या दिवशी मला आतून जरा बरंच वाटत होतं. कागद राहू दे असाच, असं मी खांबाला मनातल्या मनात म्हणालोसुद्धा.

पण कर्नलचं लोणचं गेलं होतं. त्याने कुठे फोन लावले देव जाणे, त्याला अशा कामाची सवय आहे. तीन दिवसांत देयान गाडी घेऊन आला, गाडीतून उतरलासुद्धा नाही, मांडीवरच्या संगणकावर काहीतरी दाबलं, आणि स्तामेनचा चेहरा पुसला गेला. कागद जागच्या जागी राहिला. भिंग त्याच्याकडे दिवसभर बघायचं, पण आता तो कुणीच नव्हता.

मिलेनचे फोन बंद झाले. एकदम नाही. आधी एक दिवसाआड, मग रविवारी, मग तोही कधी कधी नाही.

वहिनी दिवसातून किती तरी वेळा खाली उतरायला लागली. ते गुडघे घेऊन! भिंगासमोर उभी राहायची, रुमाल सारखा करायची, दार उघडलं की वर जायची. थोड्या वेळाने पुन्हा. आमच्या फोनवर राइना घरी आली, राइना घरी आली. एकदा मला जिन्यात भेटली तेव्हा धापा टाकत म्हणाली, "मिलेनला जातो ना हो निरोप?" मी म्हटलं जातो. "काय करतो तो त्यावर?" तिने फोन दाखवला. मुलाने अंगठ्याचं चित्र पाठवलं होतं. वरती बघितलं तर अंगठेच अंगठे.

कर्नल मागून येत होता. त्याने ते बघितलं आणि माझ्याबरोबर माझ्या दारापर्यंत आला, जे तो कधी करत नाही. "लाझार," म्हणाला, "तुम्ही मला काय समजता ते मला माहीत आहे. समजा. पण मिलेनला गोवर कधी आला, राइना कुठल्या गाण्याला रडते, हे मला पाठ होतं. मी ऐकायचो. वाईट कामासाठी ऐकायचो, पण माणूस ऐकत होता." मला त्याचा राग यायला हवा होता. आला नाही, म्हणून जास्तच चिडलो आणि दार लावून घेतलं.

मग वहिनीचं उतरणं थांबलं. खरं सांगतो, ते माझ्या लक्षात आलं नाही. यंत्र आलेल्याचा निरोप देतं, न आलेल्याचा देत नाही. शेवटी वालेन्सियाहून मला फोन आला.

"काका, मशीन बिघडलंय का? आईचे निरोप येत नाहीत."

"बघतो," मी म्हणालो. आणि मी काय केलं असेल? शिडी घेतली, फडकं घेतलं, स्क्रूड्रायव्हर घेतला, आणि खाली गेलो. भिंग पुसलं. समोर उभा राहिलो. खट्. लाझार घरी आला. पुन्हा उभा राहिलो. खट्. फोन कानाला लावूनच होता. "अरे, मशीन ठणठणीत आहे," मी जरा अभिमानानेच म्हणालो.

"मग आई?"

शिडी तिथेच टाकून मी पळत दुसऱ्या मजल्यावर गेलो आणि दार बडवायला लागलो. वहिनी! वहिनी! आत काही हललं नाही. मी खांद्याने धक्का देणार एवढ्यात कडी निघाली. वहिनी उभी होती. बारीक झाली होती, पण उभी होती.

"या," म्हणाली. माझ्या हातातल्या स्क्रूड्रायव्हरकडे बघितलं. "गॅलरीतून दिसत होतात. झालं का मशीन दुरुस्त?"

मी स्क्रूड्रायव्हर पाठीमागे लपवला.

"बाहेर गेल्याशिवाय घरी येता येत नाही, भाऊजी. म्हटलं, जायचंच नाही. बघू कुणी वर येतं का. पाव संपला, तरी मी हट्टाने नाही गेले."

हातातल्या फोनमधून मिलेन ओरडत होता, "काका? काका, काय झालं? आई बरी आहे ना?" मी त्याचा आवाज मोठा केला. वहिनीने ओठांवर बोट ठेवलं आणि हळूच पुटपुटली, "सांगा, बिघडलंय."

"आई बरी आहे रे," मी म्हणालो. "मशीनच बिघडलंय. मघाशी चाललं ते उगाच. पार गेलंय. आता दुरुस्त होण्यातलं नाही. तुला आपला रोज फोनच करावा लागणार, बाबा."

जन्मात मी इतकं सफाईने खोटं बोललो नसेन. वहिनीचा चेहरा उजळला.

"नाही काका, असं कसं चालेल?" मिलेन म्हणाला. "दुसरं बसवा. पैसे मी पाठवतो. आणि असं करा, आईच्या घरातही एक बसवा. नुसती हलली तरी निरोप येतो, अशी निघालीत आता. म्हणजे काळजीच नको."

मी वहिनीकडे बघू शकलो नाही. तीच पुढे झाली आणि फोनजवळ तोंड नेऊन म्हणाली, "बसव रे राजा. जेवलास का?" पण त्याची कामावरची जेवणाची सुटी संपली होती, फोन आधीच बंद झाला होता.

देयान नवं यंत्र घेऊन आला. पोर्चमध्ये एक, वहिनीच्या खोलीत कपाटाच्या वर एक. म्हणाला, "आजी, खाली उतरायची गरज नाही. समोरून काढलेला स्वच्छ फोटो असला तरी चेहरा भरता येतो."

"आहे की," वहिनी म्हणाली. कपाटातून तिने एक गाठोडं काढलं. आमच्याकडे म्हाताऱ्या माणसांच्या घरी असतंच ते. नवा कोरा काळा झगा, मोजे, न पेटवलेली मेणबत्ती, आणि पाकिटात फोटो. खांबावरच्या काळ्या चौकटीच्या कागदासाठी आधीच काढून ठेवलेला. मी तो ओळखला.

"वहिनी, अहो हा तर..."

"हाच बरा," ती म्हणाली. "पुढेही हाच लागणार आहे."

देयान फोटो घेऊन खाली गेला. वहिनीने माझ्यापुढे कॉफी ठेवली आणि समोर बसली. कपाटावरचा हिरवा दिवा लुकलुकत होता.

"खांबावर तुम्हीच लावाल ना, भाऊजी? वीतभर खाली नको. बरोब्बर भिंगासमोर. आणि कर्नलला पुसू देऊ नका."

"काहीतरीच काय बोलता, वहिनी!"

"तो फोन करेल बघा. दिवसातून दहादा करेल."

"करेल हो," मी चिडून म्हणालो, "पण तेव्हा उचलणार कोण?"

तिने टेबलावरचा आपला फोन माझ्याकडे सरकवला.

"तुम्ही उचला. आणि आधी विचारा त्याला, जेवलास का."